नावाला हात लावायचा नाही

उधना, सुरत
१२ जानेवारी २०२४

तीर्थरूप आप्पांच्या चरणी नूतनचा सा. न. वि. वि.

तुमचं पत्र मंगळवारी पोचलं. सरलामावशीने ते पोस्टमनकडून घेऊन आधी देवापुढे ठेवलं आणि मग माझ्या हाती दिलं. तिच्या मते आजकाल हाताने लिहिलेलं पाकीट आलं की एक तर लग्न नाही तर मौत. दोन्ही नाही म्हटल्यावर बाई जरा नाराजच झाली. तिचे गुडघे दुखतात, पण उत्तरायणाच्या उंधियूसाठी पाच किलो पापडी सोलायला बसली तेव्हा कुठे गेले होते देव जाणे.

कानाचं यंत्र पुन्हा डब्यात घातलंत ना? शिट्टी वाजते म्हणे. आप्पा, ते वाजणारच, तुम्ही त्याला तेल घालता! असो. तुम्हाला फोनवर ऐकू येत नाही म्हणून मला लिहावं लागतं, आणि लिहावं लागतं म्हणून माझं अक्षर अजून टिकलंय.

तुम्ही विचारलंत की ऑफिसात लिहिते म्हणजे नक्की काय लिहिते. ऐका तर. कोणाला आपल्या वेबसाइटवर लेख हवा असतो, पण लिहायचा कंटाळा. मग दुसऱ्याचा लेख उचलायचा आणि शब्द बदलून द्यायचा. घराचं सदन करायचं, डोळ्याचे नेत्र, आजाराची व्याधी. अर्थ तोच, कापड नवं. चोरी पकडणारं यंत्र असतं, त्याला ओळखू यायला नको एवढंच. आमचे शेठ धर्मेंद्रभाई आधी हे काम कॉम्प्युटरकडूनच करून घ्यायचे. त्याने एका डॉक्टर किरणसाहेबांची डॉक्टर रश्मी करून टाकली आणि कमल हॉस्पिटलचं पंकज हॉस्पिटल. डॉक्टर मिशा पिंजारत ऑफिसात आले होते! तेव्हापासून माणसं ठेवली आणि एक नियम झाला. मजकुरातली सगळी नावं, माणसांची, गावांची, कंपन्यांची, आधी पिवळी करून घ्यायची आणि त्यांना हात लावायचा नाही. बाकी सगळं बदला, नाव जसंच्या तसं. शेजारच्या टेबलावरची प्रियांका दिवसाला सहा लेख करते, मी दहा करते. या महिन्यापासून मराठीचं सगळं काम माझ्याकडे आहे. पोरं मला मॅडम म्हणतात.

तुम्ही आम्हाला शाळेच्या ओट्यावर टाळ्या वाजवत समानार्थी शब्द घोकायला लावायचात, त्याचं हे फळ. तेव्हा हात दुखायचे, आता त्याच्यावर पोट भरतं. तब्येतीला जपा आणि यंत्र कानात घाला.

तुमची,
नूतन

---

मु. बोरखेडे, ता. पारोळा
६ फेब्रुवारी २०२४

चि. नूतन हीस अ. उ. आ. वि. वि.

पत्र दोनदा वाचलं. पहिल्या खेपेला डॉक्टरच्या मिशांना पोटभर हसलो. दुसऱ्या खेपेला हसू आलं नाही. अगं, याला आपल्याकडे चोरी म्हणतात. माझ्या वर्गात एकाने 'माझे वडील' हा निबंध शेजाऱ्याचा बघून उतरवला होता आणि त्यात शेजाऱ्याच्याच बापाचं नाव तसंच ठेवलं होतं. त्याला मी मारलं नाही. म्हटलं, गाढव आहे, पण लबाड नाही. तुमचा धंदा त्याच्या उलट दिसतो. पण तू स्वतःच्या पायावर उभी आहेस, ठरलेलं लग्न मोडल्यावर गावाने तुला काय काय ऐकवलं ते मी विसरलेलो नाही. म्हणून जास्त बोलत नाही.

दुसरी बातमी वाईट आहे. समोरच्या धुरपदाबाईचा किसन आठवतो ना? तुझ्यापेक्षा दोन वर्षं मागे होता, गळ्यात माळ, एकादशीला शाळेत डबा न आणणारा. तो सुरतेजवळ कडोदऱ्याच्या एका कापड रंगवणाऱ्या प्रोसेस मिलमध्ये होता. उत्तरायणाच्या दुसऱ्या दिवशी निम्मे लोक पतंग उडवायला घरी, तरी शेठने मिल चालू ठेवली. कापडाला इस्त्री करणारे दोन तापलेले रोलर असतात, त्यात त्याचा उजवा हात गेला. मनगटापासून काढावा लागला. परवा घरी आणला. बाहीच्या टोकाला गाठ मारलेली आहे.

किसन सांगतो की रोलरपुढची जाळी महिनाभर आधीच काढून ठेवली होती, कारण जाळी असली की माल हळू निघतो. अडकलेलं कापड मशीन न थांबवता ओढायला सुपरवायझरने सांगितलं. धुरपदाबाई माझ्या ओट्यावर येऊन बसली आणि म्हणाली की मास्तर, मला लिहिता येत नाही, तुम्ही माझी लेखणी व्हा. भरपाईचा अर्ज मी करतो आहे. सुरतेतलाच एक वकील गावातल्या लोकांनी गाठून दिलाय.

तुझ्याकडून एक काम हवं. भेस्तानला किसनच्या खोलीत अमोल म्हणून एक पोरगा आहे, त्याच मिलमधला, त्या दिवशी त्याच पाळीत होता. त्याला भेट. किसनची पेटी घे आणि तो काय सांगतो ते मला कळव.

सरलाबाईंना नमस्कार. यंत्राला तेल घालणं बंद केलं आहे.

तुझ्या भल्याची काळजी करणारा,
आप्पा

---

उधना, सुरत
२१ फेब्रुवारी २०२४

तीर्थरूप आप्पांना नूतनचा शिरसाष्टांग नमस्कार.

रविवारी भेस्तानला जाऊन आले. एका खोलीत सहा जण राहतात, पाळीपाळीने झोपतात. किसनची जागा भरायला अजून कोणाला आणलेलं नाही, त्याची गादी गुंडाळून भिंतीला लावली आहे. अमोल बावीस-तेवीसचा असेल, शिंदखेड्याकडचा. मला ताई म्हणत चहा आणला आणि कपाला हात न लावता बसून राहिला.

त्याने सगळं किसनने सांगितलं तसंच सांगितलं. जाळी डिसेंबरातच काढली होती, कोपऱ्यात उभी करून ठेवली होती, अपघात झाल्यावर तासाभरात परत बसवली. मशीन थांबवायचं बटण दाबायला अमोलच धावला होता. बोलता बोलता पोरगा रडायला लागला. मला म्हणाला की महाराजांसोबत असं व्हायला नको होतं. मिलमध्ये किसनला किसन कोणी म्हणतच नाही, माळेमुळे सगळे महाराज म्हणतात. दर एकादशीला तो पाळीतल्या सगळ्यांना भिजवलेले शेंगदाणे वाटायचा.

पेटी शनिवारी गावाकडे येणाऱ्या माणसाबरोबर पाठवते. धुरपदाकाकूंना सांगा की मी स्वतः जाऊन आले. आणि सोडू नका, आप्पा. अशा शेठांना धडा शिकवायलाच हवा. घरी येईपर्यंत माझं डोकं नुसतं तापलं होतं.

तुमच्या मायेची भुकेली,
नूतन

---

मु. बोरखेडे
१४ मार्च २०२४

चि. नूतन हीस आप्पाचे आशीर्वाद.

पेटी पोचली. त्यात दोन शर्ट, टाळ आणि हरिपाठाची वही निघाली. धुरपदाबाईने टाळ उचलून परत ठेवले. आता एका हाताने काय वाजवणार.

तुझं पत्र मी दोघांना मोठ्याने वाचून दाखवलं. किसन तर इतक्या दिवसांनी हसला. मास्तरांची नूतन धडा शिकवणार म्हणाला. धुरपदाबाईने तुझ्यासाठी यंदाच्या वाळवणातल्या बिबड्या बाजूला काढून ठेवल्या आहेत, आलीस की ने. अगं पोरी, मला त्या दिवशी फार बरं वाटलं. लेक परमुलखात असून आपल्या माणसासाठी धावून गेली, हे सगळ्या आळीने ऐकलं.

अर्ज दाखल झाला आहे. किसन रोज सकाळी माझ्याकडे येतो आणि डाव्या हाताने सही गिरवतो. बत्तीस वर्षांचा बाप्या पाटी घेऊन बसतो, मी समोर बसतो, आणि दोघंही एकमेकांकडे बघत नाही. मिलवाल्यांचं उत्तर महिनाभरात येईल असं वकील सांगतो. काय उत्तर देणार? हात तर खोटा नाही.

तुझ्या कामाचं काही लिहिलं नाहीस. नव्या जबाबदारीत बरी आहेस ना?

सदैव तुझा,
आप्पा

---

उधना, सुरत
९ एप्रिल २०२४

ती. आप्पांना सा. न.

उत्तराला उशीर झाला. काम फार आहे. आता वकिलांच्या ऑफिसांकडूनही मजकूर येतो, त्यामुळे शेठ खूश आहेत. मावशी बरी आहे.

किसनच्या बाबतीत एक सुचवते, रागावू नका. कोर्टकचेरी वर्षानुवर्षं चालते. मिलवाले मोठे लोक. ते काहीही लिहून आणतील, काहीही सिद्ध करतील. काकूंचं वय झालं. मिलने थोडंफार देऊ केलं तर घेऊन मोकळं व्हावं असं मला वाटतं. नसत्या भानगडीत तुम्हीही किती दिवस धावपळ करणार? गुजरातचे कायदे वेगळे आहेत, इथे साध्या गोष्टीवरून पोलीस केस होते. हे मी तुमच्या काळजीने लिहिते आहे.

बिबड्या इतक्यात नको. मला सुट्टी मिळणार नाही.

तुमची,
नूतन

---

मु. बोरखेडे
२० मे २०२४

चि. नूतन हीस आशीर्वाद.

तुझं पत्र मी धुरपदाबाईला वाचून दाखवलं नाही. मागच्या वेळी धडा शिकवायला निघालेली पोरगी दीड महिन्यात भानगडीत पडू नका म्हणते, हे तिला कसं सांगू? वाटलं, उन्हाळा बाधला असेल.

आता मिलचं उत्तर आलं आहे. त्यात म्हटलंय की किसन त्या दिवशी दारू पिऊन कामावर आला, नशेत त्याने स्वतः जाळी काढली आणि हात घातला. म्हणून भरपाई बसत नाही. वर गुजरातेत दारूबंदी, तेव्हा अर्ज मागे घेतला नाही तर पोलिसांत गुन्हा नोंदवू, अशी धमकी. सोबत नऊ कामगारांचे जबाब. कामगार मराठी, म्हणून जबाब मराठीत, खाली गुजराती भाषांतर. पाचवा जबाब अमोलचा आहे. तुझ्यापुढे रडलेल्या अमोलचा.

धुरपदाबाई ऐकून ओट्यावरून उठली नाही. तिचं म्हणणं एवढंच की हात गेला तो गेला, पैसा नसला तरी चालंल, पण माळेवर दारू नका ओतू. किसनने माळ काढून देवळात नेऊन ठेवली. मी पाया पडायचा बाकी होतो, तरी परत घालायला तयार नाही. म्हणतो, लोक गळ्याकडे बघून हसतात.

मी ते जबाब रोज वाचतो आहे. पहिल्या दिवशी रागाने वाचले. दुसऱ्या दिवशी मास्तर म्हणून वाचले. नऊ माणसं, नऊ वाक्यरचना, पण गोष्ट एका पट्टीने आखलेली. पहिला म्हणतो त्याने दारू प्यायली होती. दुसरा म्हणतो मद्य प्राशन केलं होतं. तिसरा म्हणतो मदिरेच्या अंमलाखाली होता, आणि चौथा चक्क सुरा म्हणतो. शिंदखेड्याचा अमोल म्हणतो की सदर इसमाचा दक्षिण हस्त यंत्रात गेला. उजव्या हाताला दक्षिण हस्त! बारा तास रोलरपुढे उभा राहणारा कोणता पोरगा असं बोलतो?

आणि नाव. प्रत्येक जबाबात, प्रत्येक वेळी, 'किसन श्रावण महाजन'. नऊही जणांनी तिन्ही शब्द मोजून घेतले आहेत. तूच मला लिहिलं होतंस की मिलमध्ये त्याला महाराजशिवाय कोणी हाक मारत नाही. ज्याच्या हातचे शेंगदाणे खाल्ले त्याचं नाव कोणी असं तहसीलदारासारखं घेतं का? ही माणसं बोललेलीच नाहीत. एकाने लिहिलंय आणि आठदा शब्द बदललेत. बाकी सगळं बदललं, नाव जसंच्या तसं ठेवलं.

हे वाक्य मी लिहिलं आणि मग तुझं जानेवारीतलं पत्र काढलं.

तरी मन मानत नव्हतं. म्हटलं, सुरतेत असे धंदे छप्पन्न असतील. मग क्रम पाहिला. दारू, मद्य, मदिरा, सुरा. हात, कर, पाणि, बाहू, हस्त. अपघात, दुर्घटना, अनर्थ, घात. हा क्रम कोणत्याही पुस्तकात नाही. टाळीत बसावा म्हणून मी जुळवला होता, बोरखेड्याच्या शाळेच्या ओट्यावर. त्या ओट्यावर बसून गेलेली शेकडो पोरं आहेत, पण सुरतेत शब्द बदलायचं काम करणारी मला एकच माहीत आहे.

नूतन, मी बहिरा आहे, आंधळा नाही. जबाब तू लिहिलेस का? हो की नाही एवढंच कळव. नाही म्हणालीस तर मी या पांढऱ्या केसांनिशी कान धरून तुझी माफी मागेन.

तुझा,
आप्पा

---

उधना, सुरत
३ जून २०२४

आप्पा,

हो.

नमस्कार कुठल्या तोंडाने लिहू, म्हणून लिहिला नाही.

मार्चच्या शेवटी धर्मेंद्रभाई एक कागद घेऊन आले. एक जबाब तयार होता, त्याचे नऊ करायचे होते, संध्याकाळच्या आत. मिलच्या वकिलाचा माणूस बाहेर चहा पीत बसला होता. मी नेहमीसारखी नावं पिवळी करायला घेतली. पहिल्याच ओळीत किसन श्रावण महाजन, मूळ राहणार बोरखेडे. तुम्हाला वाटत असेल की माझ्या लक्षात आलं नाही, कामाच्या गर्दीत नजर वरून गेली. मलाही तसंच लिहावंसं वाटलं होतं. पण लक्षात आलं, आप्पा. माझ्या बोटाखालीच नाव होतं. मी ते पिवळं केलं आणि पुढे गेले.

का, ते विचाराल. मी नाही केलं तर प्रियांका करणार होती, वाईट मराठीत. हे खरं आहे आणि हे कारण नाही, मला कळतं. शेठ पाठीमागे उभे होते. ते मागेच म्हणाले होते की हा वकील वर्षभराचं काम देणार आहे आणि ते सगळं माझ्या जिवावर घेतलंय. मला त्या क्षणी तुमचा चेहरा नाही आठवला, काकूंचाही नाही. मला गावातल्या त्या बायका आठवल्या, माझं लग्न मोडल्यावर पाण्याच्या टाकीजवळ मला बघून गप्प होणाऱ्या. इथे मला खुर्ची आहे. इथे मी आत आले की दोन पोरं उठून उभी राहतात. ते जाईल या भीतीने मी एक माणूस पुसला. नाव तेवढं ठेवलं.

तुम्ही हस्त आणि मदिरेची थट्टा केलीत. कोणी असं बोलत नाही हे मला कळत नव्हतं का? कधी कधी मी स्वतःला सांगते की मी मुद्दामच तसे शब्द घातले, कोणीतरी पकडावं म्हणून. पण तेही खोटं. सवय होती. टाळीत आले तसे लिहीत गेले. आणि खरं सांगू, संध्याकाळी धर्मेंद्रभाईंनी वाचून शाबासकी दिली तेव्हा मला बरं वाटलं. तुम्हाला सगळं सांगायचं तर हेही सांगायला हवं.

राग मलाही आहे. तुम्ही आम्हाला एका शब्दाला सहा शब्द शिकवलेत आणि सहाही पाठ झाले की पेढा दिलात. कोणता कधी वापरू नये हे कोणत्या दिवशी शिकवलंत? खोटं बोलू नये म्हणून फळ्यावर लिहिलेलं असायचं, तेही आम्ही सुंदर अक्षरात उतरवून काढायचो. मार्क अक्षराला होते.

तुम्ही आता मला साक्षीला बोलवाल. मला येणं होणार नाही. मिलचा वकील म्हणेल मी पैशासाठी बोलते, शेठ म्हणतील मी ऑफिसची बदनामी करते, आणि खोटे जबाब बनवले म्हणून सगळ्यात आधी मीच आत जाईन. मावशीच्या घरी पोलीस येतील. मी पाया पडते, हे पत्र वाचून चुलीत घाला. काकूंना काही सांगू नका. किसनच्या वकिलाला सांगा की जबाब खोटे आहेत एवढंच, कोणी लिहिले ते कशाला हवंय? माझं नाव कुठे येऊ देऊ नका, आप्पा. एवढी एकच गोष्ट मी तुमच्याकडे मागते.

नूतन

---

भेस्तान, सुरत
१० ऑगस्ट २०२४

चि. नूतन हीस आशीर्वाद.

ठिकाण बघून दचकशील. मी सुरतेतच आहे. आज सहावा दिवस. किसनला घेऊन अमळनेरहून गाडीत बसलो आणि उधन्याला उतरलो. तुझ्या मावशीचं घर स्टेशनपासून किती जवळ आहे ते मला माहीत आहे. तिकडे वळलो नाही. किसनच्या जुन्या खोलीत, भिंतीला लावून ठेवलेल्या त्याच गादीवर मी झोपतो. किसन खाली झोपतो, ऐकत नाही.

अमोल पहिल्या दिवशी दाराबाहेरच बसून राहिला. सुपरवायझरने पाळी सुटताना कागद पुढे केला आणि त्याने सही केली, वाचला नाही. किसन त्याच्याशी बोलेल असं मला वाटलं नव्हतं. पण किसनने त्याला आत बोलावलं आणि डाव्या हाताने भाकरी मोडून दिली. पोरगा त्यानंतर नीट जेवलेला नाही.

काल कामगार कोर्टात तारीख होती. तिथलं बोलणं किसनने नंतर माझ्या कानाशी ओरडून सांगितलं. अमोल सगळ्यांदेखत उभा राहिला आणि म्हणाला की सही माझी आहे, शब्द माझे नाहीत. दक्षिण हस्त म्हणजे काय, असं आपल्या वकिलाने त्याला विचारलं, तर त्याला सांगता आलं नाही. मिलचे वकील हसले. मग जज्जसाहेबांनी विचारलं की शब्द तुझे नाहीत तर कोणाचे? अमोलला ते कुठून ठाऊक? तो माझ्याकडे बघायला लागला. मला ऐकू येत नाही हे समजल्यावर कारकुनाने तोच प्रश्न हिंदीत कागदावर लिहून माझ्यापुढे धरला.

तुझं पत्र मी चुलीत घातलं नव्हतं. ते पिशवीत होतं. बापाला लिहिलेलं पत्र असं चारचौघांत काढावं का, याचा विचार मी जूनपासून करतो आहे आणि उत्तर अजून सापडलेलं नाही. तुझं म्हणणं खोटं नाही. मी अक्षराला मार्क दिले. बत्तीस वर्षं दिले. पण समोर किसन बसला होता, गळा मोकळा, बाहीला गाठ. मी पत्र काढून साहेबांच्या टेबलावर ठेवलं. त्यावर शिक्का मारून नंबर घातला आहे. आता ते मला परत मिळणार नाही.

अमोलचं काम आज सकाळी गेलं. मिलच्या फाटकावर त्याला आत घेतलं नाही. त्याने ते मला कागदावर लिहून सांगितलं आणि खाली किसनसाठी लिहिलं की महाराज, चालेल. मी म्हातारा माणूस, खोलीतल्या पाच जणांपुढे रडलो.

निकाल लागलेला नाही. पुढची तारीख चोवीस सप्टेंबर. त्या दिवशी तुला बोलावलं आहे, समन्स आठवड्याभरात मावशीच्या पत्त्यावर येईल. तुरुंग होईल की नाही ते मला माहीत नाही. वकील म्हणतो की खरं सांगितलं तर बहुतेक होणार नाही, पण वकिलाच्या बहुतेकवर मी तुला फसवणार नाही. त्या दिवशी मी तिथे असेन. तुझ्या शेजारी बसायचं की किसनच्या, हे अजून ठरवलेलं नाही.

तू एकच गोष्ट मागितली होतीस आणि ती मी दिली नाही, म्हणून हे पत्र लिहितो आहे. दुसऱ्या कोणाकडून कळायला नको होतं. पत्राखाली नुसतंच नूतन होतं. त्यावर समन्स काढता येत नाही, पूर्ण नाव सांगा, असं कारकुनाने लिहून दाखवलं. त्याच्या लिहिण्यात चूक व्हायला नको म्हणून मी पेन मागून घेतलं आणि माझ्याच हाताने लिहिलं, नूतन बन्सीलाल बोरसे. त्याने मधल्या नावावर बोट ठेवून माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली की होय, तो मीच.

आप्पा